बोलक्यांना समजावणं

ऐकू येणाऱ्या माणसांसाठी आमच्या खुणांत एक नाव आहे. ओठांसमोर बोट गोल गोल फिरवायचं. मराठीत मी त्याला 'बोलके' म्हणतो. बोलक्यांचे किस्से आम्हाला शोधायला जावं लागत नाही. पोस्टात, दवाखान्यात, बसच्या रांगेत, सासरी, आठवडाभरात प्रत्येकाच्या पदरात दोन-चार पडतातच. सत्तर सालच्या आसपास आम्ही दर रविवारी चार वाजता नागपुरात बर्डीवरच्या एका हॉटेलात जमायला लागलो, तेव्हापासून हा साठा वाढतोच आहे.

आधी ओळखी करून देतो. मी मधुकर. आठव्या वर्षी ताप आला आणि कान घेऊन गेला. तोवर मराठी डोक्यात मुरली होती, म्हणून पुढे एका दैनिकाच्या छापखान्यात कंपोझिटर झालो. म्हणजे शिशाचा एकेक टाइप उचलून दुसऱ्यांचं बोलणं जुळवायचं. शालिक पारशिवनीकडचा, शेतकऱ्याचा मुलगा, जन्मापासून बहिरा, माझा शाळेपासूनचा दोस्त. आणि कुसुमताई. त्या आमच्याच छापखान्यात प्रूफं तपासायच्या. बोलक्याच, पण त्यांची आई बहिरी. त्यांचे हात आधी बोलायला लागले, तोंड मागाहून.

बोलके काय म्हणाले ते थोडं मी ओठांवरून वाचलेलं आहे आणि बाकीचं कुसुमताईंनी सांगितलेलं. त्या पदरचं घालत नाहीत. शालिकचं बोलणं मात्र मी आपल्या नागपुरीत लिहितो, कारण त्याचे हात पारशिवनीचे आहेत.

त्या हॉटेलच्या मालकांना, पांडेजींना, सुरुवातीला आमचं फार कौतुक. मूकबधिर म्हणजे शांत माणसं, असा त्यांचा हिशेब. त्यांनी आम्हाला फॅमिली रूमच्या शेजारचं टेबल दिलं. आता एकमेकांचं लक्ष वेधायला आम्ही टेबलावर थाप मारतो, फरशीवर पाय आपटतो, खुर्च्या ओढतो. शालिक हसला की त्याच्या घशातून असा काही आवाज निघतो म्हणतात, की बाहेरचे रिक्षावाले वळून पाहतात.

तिसऱ्या रविवारी गेलो तर बरोबर आमच्या टेबलावर पाटी: 'कृपया शांति बनाए रखें'.

शालिकनं विचारलं, "काय लिहिलं गा?"

मी सांगितलं. त्यानं मान वळवून सगळं हॉटेल पाहून घेतलं आणि म्हणाला, "बराबर आहे. हे बोलके लय तोंडं हलवून राहिले."

*

आमच्या शाळेचं नाव सांगत नाही. हेडमास्तर मनानं वाईट नव्हते. हातानं खुणा केल्या की तोंड आळशी होतं, असं ते ट्रेनिंगमध्ये शिकून आले होते. म्हणून वर्गात दोन्ही हात मांडीखाली ठेवून बसायचं. हात बाहेर दिसला की पट्टी.

एकदा इन्स्पेक्टर साहेब यायचे होते. त्यासाठी शालिकला सहा महिने एकच शब्द शिकवला: पाणी. मास्तरांच्या गळ्याला हात लावायचा, आरशात ओठ पाहायचे, तोंडासमोर कागदाचा कपटा धरायचा आणि 'प' म्हणताना तो हलला पाहिजे. कपटा हलला नाही की मार.

साहेब आले. शालिकला उभं केलं.

"नाव काय, बाळ?"

"पाणी," शालिक म्हणाला. कपटा असता तर उडून गेला असता.

"गाव कोणतं?"

"पाणी."

साहेबांचा जीव कळवळला. "अहो, तहानलाय तो." पेला आला. शालिक प्यायला. साहेबांनी आणखी काही विचारलं, शालिकनं तेच सांगितलं, दुसरा पेला आला. मग तिसरा. ज्या शब्दासाठी सहा महिने मार खाल्ला, त्याच शब्दावर आता लाड होत होते, तो कशाला नाही म्हणेल?

थोड्या वेळानं शालिक जागेवर चुळबुळ करायला लागला. पण बाहेर जायचं कसं मागणार? तेवढा शब्द शिकवलेला नव्हता, आणि हात मांडीखाली.

इकडे साहेबांचा चहा संपला. मुलांसमोर तोंडानं म्हणणं बरं दिसत नाही, म्हणून त्यांनी हेडमास्तरांकडे पाहून नुसती करंगळी वर केली. हेडमास्तरही काही बोलले नाहीत. त्यांनी अंगठ्यानं मागची बाजू दाखवली. साहेब गेले.

आख्ख्या वर्गानं दोन शिकलेल्या माणसांचा हा संवाद पाहिला. शालिकनं मांडीखालून हात काढला आणि करंगळी वर केली. हेडमास्तरांनी त्याच करंगळीवर पट्टी मारली.

साहेबांचा शेरा पुढे कित्येक वर्षं ऑफिसात लावलेला होता: 'मुले बोलू लागली आहेत. खुणांचा वापर आढळला नाही.'

*

शाळेतून शालिक विणकाम शिकून बाहेर पडला. कामठीला एका ठिकाणी पॉवरलूमवर माणूस पाहिजे होता. मी सोबत गेलो. मालकांनी कागदावर लिहून मला विचारलं, "इसको मशीन का आवाज़ सुनाई नहीं देगा, बिगाड़ समझेगा कैसे?"

मी शालिकला सांगितलं. तो चालत्या मागांच्या लोखंडी चौकटींवर हात ठेवत पुढे गेला आणि चौथ्या मागाशी थांबला. "याचा धोटा अडकून राहिला." मालकांनी माग थांबवून पाहिला, आडवा धागा नेणारा धोटा खरंच अडकत होता. चालवणाऱ्याला अजून पत्ता नव्हता. शालिक दुसऱ्या दिवशी कामावर लागला.

त्या शेडमध्ये इतका आवाज, की कोणाचंच कोणाला ऐकू जात नसे. बोलके विणकर एकमेकांच्या कानात ओरडून घसे बसवून घ्यायचे. वर्षभरात सगळी शेड शालिकच्या खुणा शिकली. धागा, चहा, लाइट गेली. सगळ्यांत जास्त चालायची ती 'मालक आले' ही खूण. आमच्यात माणसाचं नाव त्याच्या अंगावर जे ठळक दिसतं त्यावरून पडतं. मालकांचं नाव पोटावरून पडलं होतं.

मालक दारात आले की चाळीस माणसांचा हात पोटावर जायचा. चार-पाच दिवस त्यांनी हे पाहिलं. त्यांना वाटलं, माणसं उपाशीपोटी काम करताहेत. तेव्हापासून तिथं चारच्या चहाबरोबर पाव मिळायला लागला. शालिक म्हणतो, "आमच्या भाषेनं मिळवलेली पहिली सवलत."

पुढे आमचं मंडळ निघालं तेव्हा तिथले म्हातारे विणकर रहीमचाचा सभासद व्हायला आले. तीस वर्षं त्या आवाजात काढून त्यांचे कान पार गेलेले. अर्जात होतं: 'बहिरेपण जन्मतः की आजाराने?' चाचांनी दोन्ही खोडलं आणि खाली लिहिलं, 'ड्यूटी पर'.

*

मंडळ काढलं ते एकाच कामासाठी. शाळेत पोरांचे हात अजून मांडीखालीच होते. ते बाहेर काढायचे होते. एकेकट्यानं सांगून हेडमास्तर ऐकत नव्हते. नोंदणीकृत मंडळाचं ऐकावं लागतं, असं कोणीतरी सुचवलं.

नोंदणीच्या ऑफिसात गेलो. मी, शालिक, कुसुमताई. तिथल्या क्लार्कच्या तोंडात पानाचा तोबरा. हनुवटी वर करून, डोळे अर्धे मिटून बसलेला. त्यानं तळहात खाली दाबला: बसा. बोटं हलवली: कागद द्या. मनगटावर बोट आपटून मग तोंडाशी घास नेला: साहेब जेवायला गेलेत, वेळ लागेल. शेजारच्या टेबलाकडे बोट केलं: तिथून शिक्का मारून आणा.

शालिक खूश. "मधुकर, असा हाफिसर मी आजवर नाही पाहिला. याचं सगळंच समजून राहिलं."

कुसुमताईंना पहिल्यांदाच काही काम उरलं नव्हतं. त्या बाकावर बसून घाम पुसत होत्या.

मग क्लार्क आमचे उद्देश वाचायला लागला. पहिला उद्देश: 'बहिऱ्यांच्या हातांच्या भाषेचा प्रसार करणे'. तो थांबला. आमच्याकडे पाहिलं. 'हातांच्या' या शब्दावर पेन आपटलं, मग पंजा पसरून हलवला: नाही. दोन्ही हात हवेत वेडेवाकडे फिरवून दाखवले, ओठांपाशी बोटं नेली आणि पुन्हा पंजा हलवला. हातवारे म्हणजे काही भाषा होत नाही, असं त्याचं म्हणणं होतं.

आम्हा दोघांनाही एका दमात समजलं.

*

शेवटी 'भाषेचा' खोडून 'कल्याणाचा' लिहिलं आणि नोंदणी झाली. बोलका अध्यक्ष असला की वजन पडतं, म्हणून एका रिटायर्ड भाऊसाहेबांना अध्यक्ष केलं. पहिलाच मेळावा ठेवला. दीडशे बहिरे आले, थेट भंडाऱ्यापासून.

भाऊसाहेब उभे राहिले आणि माइक बंद पडला. माइकवाला आला, वायरी तपासल्या, निघून गेला, दुसरी पेटी घेऊन आला. भाऊसाहेब हाताची घडी घालून थांबले. "मागच्यांना आवाज पोचला पाहिजे," ते कुसुमताईंना म्हणाले. अर्धा तास दीडशे बहिरी माणसं माइक दुरुस्त होण्याची वाट पाहत बसली.

मग भाषण झालं, पाऊण तास. कुसुमताई शेजारी उभ्या राहून हातांनी सांगत होत्या. पहिली पाच मिनिटं त्यांचे हात चालले, मग थांबले. भाऊसाहेबांचं तोंड मात्र चालूच.

शालिकनं पहिल्या रांगेतून विचारलं, "ताई, काय म्हणून राहिले?"

कुसुमताई म्हणाल्या, "अजून काही म्हटलं नाही. म्हटलं की सांगते."

*

दोन वर्षं अर्ज केले. हेडमास्तर म्हणाले, वरून आदेश आणा. वरचे म्हणाले, हेडमास्तरांशी बोला. शेवटी आम्ही नागपूरकर जे करतात तेच केलं. डिसेंबरात अधिवेशन भरलं तेव्हा मोर्चा काढला.

परवानगीच्या अर्जात रकाना होता: 'दिल्या जाणाऱ्या घोषणा'. कुसुमताईंनी रेघ मारली. पोलीस साहेब म्हणाले, "मग मूक मोर्चा लिहा."

"मूक नाही. ही माणसं सगळा रस्ताभर बोलत जाणार."

त्यांनी 'मूक'च लिहिलं.

साठ जण होतो. पुढे शिक्षकांचा मोर्चा, मागे कुठल्याशा कर्मचाऱ्यांचा, दोघांचे लाउडस्पीकर एकमेकांवर रोखलेले. पोलिसांनी अडवलं तिथं आम्ही बसलो. कुसुमताई निवेदनाची प्रत द्यायला दुसऱ्या फाटकावर गेल्या. शालिक एका पुलाच्या कठड्यावर चढून बोलायला लागला आणि आम्ही सगळे त्याच्याकडे तोंड करून बसलो.

तेवढ्यात मंत्र्यांचे पी.ए. आमच्या पाठीमागे आले. हातात भोंगा. "आपल्या पाच जणांचं शिष्टमंडळ चर्चेसाठी आत पाठवा." कोणी हललं नाही. त्यांनी दुसऱ्यांदा सांगितलं. तिसऱ्यांदा सांगितलं तेव्हा त्यांचा आवाज चढला होता, असं मागच्या मोर्च्यातल्या एकानं नंतर कुसुमताईंना सांगितलं. साठ पाठी तशाच. पी.ए. आत गेले.

संध्याकाळच्या पाळीला मी छापखान्यात आलो. पुढ्यात बातमीची हस्तलिखित कॉपी येऊन पडली. मथळा होता: 'मूकबधिरांनी चर्चेचे निमंत्रण धुडकावले, आंदोलक भूमिकेवर ठाम'.

कॉपीत असेल ते जुळवायचं, हा कंपोझिटरचा धर्म. माझा हात दोन वेळा थांबला. संपादकांकडे जाऊन पाटीवर लिहिलं, असं घडलं नाही. त्यांनी खाली लिहिलं, 'बातमी अधिकृत सूत्रांकडून आहे.' परत आलो आणि माझ्या हातांनी ती बातमी जुळवली.

प्रूफ कुसुमताईंकडे गेलं. दहा मिनिटांनी त्या प्रूफ हातात घेऊन माझ्यासमोर उभ्या.

"हे तू जुळवलंस?"

"हो."

"यात एक चूक आहे."

मला वाटलं, आता या भांडतील. मी विचारलं, "कोणती?"

"'धुडकावले'मधला धु दीर्घ पडलाय." तांबड्या पेन्सिलीनं खूण करून प्रूफ माझ्या हातात दिलं आणि म्हणाल्या, "बाकीचं राहू दे. आपल्याला ठाम कोणी पहिल्यांदाच म्हटलंय."

*

अधिवेशनात आलेले बाकी मोर्चे चर्चा करून, आश्वासन घेऊन घरी गेले. सरकारला आमची तेवढी धास्ती बसली. पुढच्याच रविवारी एक अधिकारी शोधत शोधत पांडेजींच्या हॉटेलात आले. "तुमचं म्हणणं तरी काय आहे?" ते आमच्या टेबलाशी येऊन इतक्या मोठ्यानं म्हणाले, की पांडेजींनी काउंटरवरून पाटी दाखवली.

आमचं म्हणणं कुसुमताईंनी सांगितलं. महिन्याभरानं शाळेला आदेश गेला: 'मधल्या सुट्टीत मुलांनी हातांचा वापर करण्यास हरकत नाही.'

मी शालिकला तो वाचून दाखवला. तो म्हणाला, "अन् बाकीच्या टायमाले हात कोनापाशी जमा करायचे?"

पण हातात आलं ते सोडायचं नाही, असं ठरलं. मी आणि शालिक आळीपाळीनं मधल्या सुट्टीत शाळेत जायला लागलो. पोरं तुटून पडायची. त्यांना किती काय विचारायचं होतं. आगगाडी रुळांवरून का उतरत नाही, आजोबा मेले म्हणजे कुठे गेले, मी मोठा झालो की मला ऐकू येईल का. या शेवटच्या प्रश्नाला शालिक उत्तर द्यायचा, "नाही. माह्यासारखा होशील." पोरं त्याला आपादमस्तक पाहायची आणि बहुतेकांना ते पसंत पडायचं.

गणिताचे मास्तर लांबून हे बघत. एक दिवस ते खडू घेऊन अंगणात आले आणि हळूच मला विचारलं, अपूर्णांक कसा सांगायचा? मी भाकरी मोडून दाखवली. वर्षभरात असं झालं, की गणित मधल्या सुट्टीत व्हायचं आणि पोरं डबा गणिताच्या तासाला खायची. त्या वर्षी गणितात कोणी नापास झालं नाही. हेडमास्तरांनी त्याचं श्रेय तोंडी शिक्षणाला दिलं.

*

आता माझ्या घरचा किस्सा.

माझी बायको सुमन जन्मापासून बहिरी, घरी ब्लाउज शिवते. आम्हाला मुलगी झाली तेव्हा आई गावाहून आली. बारशाच्या आधीच आईनं पोरीच्या मागे जाऊन थाळी वाजवली. पोर दचकून रडली. आईनं सगळ्या आळीला साखर वाटली.

आईचं आणि माझं एक सांगायला हवं. माझे कान गेले तेव्हा हेडमास्तरांनी तिला बजावलं होतं, "घरी हातानं बोलाल तर पोरगं मुकं होईल." तिनं ते आयुष्यभर पाळलं. ती ओठ हलवायची, मी वाचायचो. जेवला का, थंडी पडून राहिली, लवकर ये. एवढंच सापडायचं. बाबा गेले त्या दिवशी ती माझ्यासमोर बसून तासभर बोलली. त्यातला एकच शब्द माझ्या हाती लागला: 'गेले'. तो मला माहीतच होता.

पोर नऊ महिन्यांची असताना तिनं मूठ उघडझाप करून दूध मागितलं. मग लाइट, मांजर, आणखी, नको. शेजारणी विचारायच्या, "बोलते का वं नात?" आई खाली मान घालून सांगायची, "नाही वं अजून." आणि पोरीला मांडीवर घेऊन दिवसभर घोकून घ्यायची, "म्हण आजी. आ-जी."

सव्वा वर्षाची झाली तेव्हा आई हट्टानं डॉक्टरांकडे घेऊन गेली. कुसुमताई सोबत होत्या. डॉक्टरांनी विचारलं, "किती शब्द बोलते?"

आई म्हणाली, "एकबी नाही."

सुमननं हातांनी सांगितलं, "सदतीस."

डॉक्टरांनी कुसुमताईंकडे पाहिलं. "काय लिहू?"

"दोन्ही लिहा," कुसुमताई म्हणाल्या.

त्यानंतर काही महिन्यांनी एका दुपारी छापखान्यातली मशीन बिघडली आणि मी अवेळी घरी आलो. दार लोटलेलं होतं. आई ओसरीवर बसली होती, पोर समोर. आईचं तोंड मिटलेलं होतं आणि हात चालले होते. ती गोष्ट सांगत होती. म्हातारी पोळ्या करत होती, मांजर झोपलं होतं, तेवढ्यात कावळा आला. कावळ्याची खूण तिला नीट जमत नव्हती. बोटं वाकली की तीच खूण पोलिसाची होते, म्हणून म्हातारीच्या चुलीपाशी पोलीस आला होता आणि पोळी घेऊन झाडावर जाऊन बसला होता.

माझी सावली पडली. आईनं वर पाहिलं आणि दोन्ही हात पटकन पदराखाली घेतले. मग ती रस्त्याकडे पाहायला लागली, जशी काही मघापासून रस्त्याकडेच पाहत होती.

मी दारातच उभा राहिलो. पोरीनं एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा आजीकडे. मग तिनं पदर बाजूला केला, आजीचा हात बाहेर ओढला, आणि एकेक बोट सरळ करून कावळा नीट करून दिला.